पाहुण्यांचा वन्स मोअर

कतारमधल्या अल खोरमधून माणसं कायमची निघतात तेव्हा त्यांच्या आधी त्यांचं घर निघतं. कंपनीचा करार संपला, फायनल एक्झिट ठरलं, की कंपाउंडभर मेसेज फिरतो : सोफा घ्या, ट्रेडमिल घ्या, कुंड्या फुकट. शेजारच्या लेबनीज जोडप्याचा मेसेज आला तेव्हा माझी बायको त्यांच्या कढीपत्त्याच्या कुंडीवर डोळा ठेवून गेली आणि मी हमाल म्हणून मागे. परत आलो तेव्हा कुंडी तिच्या हातात होती आणि माझ्या हातात एक भलामोठा पिंजरा.

"अहो, हा कशाला?"

"पंधरा दिवसांचा पाहुणा आहे. ते बैरुतला पोचले, कागदपत्रं झाली, की मागवून घेणार आहेत."

"असं कोण म्हणालं?"

"इन्शाल्ला म्हणाले."

बायकोनं कुंडी खाली ठेवली. आखातात इतकी वर्षं काढलेल्या माणसाला इन्शाल्लाचा अर्थ समजावून सांगायचा म्हणजे काय! कुंडीतला कढीपत्ता उन्हाळ्यात जळून गेला. पाहुणा राहिला. पंधरा दिवसांसाठी आलेले म्हणून 'पाहुणे' हे जे चिकटलं ते चिकटलंच, अहोजाहोसकट.

पाहुणे म्हणजे आफ्रिकेतला राखाडी पोपट. अंगात राखाडी कोट, मागे लालभडक शेपूट आणि डोळे असे, की निवृत्त न्यायाधीशानं तुमच्याकडे चष्म्यावरून बघावं. पहिले चार दिवस ते एक अक्षर बोलले नाहीत. पाचव्या दिवशी मी प्लांटवरून येऊन बूट काढतोय, तर हॉलमधून एका बाईचा आवाज आला. खालच्या पट्टीत सुरू झालेला, मग चढत चढत टिपेला गेलेला, अस्सल अरबी. त्याला तोडून एका पुरुषाचं, "खलास! खलास!" मग दार आपटल्याचा असा आवाज, की बायको स्वयंपाकघरातून धावत आली आणि तिनं आमचं दार उघडून बाहेर बघितलं. बाहेर कुणी नव्हतं. आणि त्यानंतर बराच वेळ एक बारीक सूं-सूं, जणू लांब कुणाच्या तरी घरी कुकर वाफ धरतोय.

एका जोडप्याचा अख्खा संसार शेपटीला बांधून हे गृहस्थ आमच्याकडे आले होते. आम्हाला काय, भाषा कळत नव्हती. न कळणाऱ्या भाषेतलं भांडण फार गोड लागतं हो, अगदी गाण्यासारखं! शेवटच्या सूं-सूंला तर आम्ही 'कुकर' असं नावच देऊन टाकलं.

आता माझ्याबद्दल सांगायलाच हवं. मी गॅस प्लांटवर मेंटेनन्सला आहे. ते पोटासाठी. एरवी मी नट. दोह्यातल्या मराठी मंडळींचा कुठलाही कार्यक्रम असो, गणपती असोत नाहीतर कोजागिरी, माईक हातात आल्याशिवाय मला जेवण पचत नाही आणि तो काढून घेतल्याशिवाय लोकांना. अशा माणसाच्या घरी बोलका पक्षी येणं हा नियतीचा विनोद होता आणि मी तो पुरेपूर वसूल केला. शुक्रवारी घरी मंडळी जमली की पिंजऱ्यावर बायकोच्या जुन्या पैठणीचा पडदा. मी सूत्रधार. माझी मुलगी तेव्हा शाळेत, ती चमच्यानं ग्लासवर घंटा द्यायची. पहिली, दुसरी, जरा थांबून तिसरी. तिसऱ्या घंटेआधी किती थांबायचं हे तिला उपजत कळायचं. मग मी पडदा ओढायचा आणि पाहुणे लेबनीज संसार सुरू करायचे. लोक हसून हसून लोळायचे. टाळ्या पडल्या की पाहुण्यांना अक्रोड. कुणीतरी "वन्स मोअर!" ओरडलं की त्यांनी सगळं पहिल्यापासून पुन्हा करायचं आणि पुन्हा अक्रोड. हे त्यांना इतकं पक्कं बसलं, की पुढे पुढे टीव्हीवर कुणी टाळ्या वाजवल्या तरी आमच्या हॉलमध्ये दार आपटायचं.

मुलगी बारावी झाली. कॉलेज दोह्यात. अल खोरहून रोज जाणं-येणं नको म्हणून हॉस्टेल घेतलं. घर सोडताना ती रडली नाही, तिची आई रडली, मी विनोद केले. नेहमीप्रमाणे कामं वाटून घेतली आम्ही.

पहिल्या वर्षी काय झालं ते मला नीट सांगता येणार नाही, कारण मला ते नीट कळलंच नाही. सुट्टीला आली ती बारीक होऊन. मग परीक्षेच्या हॉलमधून उठून गेली. मग एका सकाळी कॉलेजमधून फोन आला, की ती आठवडाभर खोलीबाहेर आलेली नाही, या. आम्ही घरी आणली. दोन महिने ती भिंतीकडे तोंड करून झोपून होती. आमच्या घराण्यात उदासपणावर एकच औषध माहीत, हसवायचं. माझ्या वडिलांनी मला तेच दिलं होतं, मी तिला दिलं. दाराशी उभा राहून मी नकला करायचो. तिच्या प्रिन्सिपॉलची, आमच्या प्लांट मॅनेजरची, तिच्या आईची. ती मान वळवायची, हसायची आणि पुन्हा भिंतीकडे वळायची. ते हसू बघून मला वाटायचं, औषध लागू पडतंय.

भिंतीकडे तोंड करून ती फक्त पाहुण्यांशी बोलायची. पिंजऱ्याचं दार उघडलं की ते पलंगावर चालत यायचे, तिच्या मानेशी डोकं खाली घालून उभे राहायचे. ती त्यांची मान खाजवायची. तासन् तास. मी दारातून बघायचो आणि खरं सांगतो, मला पाहुण्यांचा मत्सर वाटायचा.

कॉलेजच्या समुपदेशक बाईंनीच मग सुचवलं. परत यायचं असेल तर सोबत प्राणी ठेवता येईल, तशी सोय आहे, मी पत्र देते. मुलींच्या हॉस्टेलमध्ये एक-दोन मांजरं होती म्हणे.

"मांजर आणू या का गं?" बायकोनं विचारलं. "इथे कंपाउंडमध्ये किती पडलीयेत."

"मला मांजर नको. आय वॉन्ट हिम."

"अगं, पण हा बाबांचा..." बायको बोलता बोलता थांबली.

मी पैठणीच्या पडद्याकडे बघितलं. मंडळींच्या शुक्रवारांकडे बघितलं. आणि एका हाताची मूठ छातीवर ठेवून, दुसरा हात पसरून म्हणालो, "ने! कन्यादानात पोपट दिला असं समज!"

"बाबा, प्लीज," ती म्हणाली. पण हसली.

ऑगस्टच्या भट्टीत आम्ही पाहुण्यांना गाडीत बसवून दोह्याला नेलं. हॉस्टेलच्या लॉबीपलीकडे पुरुषांना प्रवेश नाही. वॉर्डनबाई सुदानी, उंच, प्रेमळ, पण नियम म्हणजे नियम. त्यांनी पत्र वाचलं, पिंजऱ्यात डोकावल्या.

"बोलतो?"

"अरबी बोलतो, मॅडम. तुमच्यापेक्षा चांगली," मी हिंदीत म्हणालो. मुलीनं डोक्याला हात लावून त्याचं इंग्रजी केलं. बाई खळखळून हसल्या, "माशाल्ला!" म्हणाल्या आणि पिंजरा लिफ्टमध्ये गेला. लिफ्टचं दार मिटलं. ती खोली कशी आहे, खिडकी कुठे उघडते, पलंग कुठल्या भिंतीला आहे, हे मी आजतागायत पाहिलेलं नाही. बायको एकदा वर जाऊन आली आणि म्हणाली, "स्वच्छ आहे." बाईमाणसाची माहिती देण्याची ही एक पद्धत!

मग सगळं छान सुरू झालं. रोज संध्याकाळी फोन. बायकोचा एकच प्रश्न, "जेवलीस?" आणि मुलीचं एकच उत्तर, "हो, जेवले. आय ॲम फाइन. मस्त!" तो 'मस्त' असा वर उडवलेला, फुगा सोडावा तसा. मागून पाहुण्यांची शीळ. वर्गात जायला लागली. परीक्षेला बसली. मी प्लांटवर सगळ्यांना सांगत सुटलो, की माझ्या मुलीला बरं करायला डॉक्टर नाही लागला, माझ्या नाटक कंपनीतला नट लागला.

दिवाळी आली. त्या वर्षी आमच्याकडे शुक्रवारी दुपारी फराळ. दोह्याजवळच्या वक्र्याहून दोन कुटुंबं आली. दोह्यातल्याच नजम्यात एका खोलीत चौघं चौघं राहणारी आमची सडीफटिंग पोरं आली, जी चकलीकडे बघून हळवी होतात. आदल्या संध्याकाळी मुलगी घरी आली होती, पाहुण्यांना घेऊन. रांगोळी तिनं काढली. चिवडा तिनं परतला. नव्या कुर्त्यात इतकी गोड दिसत होती, की बायकोनं तिच्या कानामागे काजळ लावलं.

फराळ झाला, चहा व्हायचा होता, आणि वक्र्याच्या काकू म्हणाल्या, "काय हो सूत्रधार, आज प्रयोग नाही? पाहुणे तर बसलेत की हॉलमध्ये."

माझा पाय कुठला ठरतोय! मी पैठणी शोधून आणली. मुलगी शंकरपाळ्यांची ताटली घेऊन उभी होती. मी तिला चमचा दिला.

"बाबा, नको ना. ही'ज टायर्ड."

"अगं, नट कधी दमत नाही. यल्ला, चल, घंटा!"

तिनं ताटली एका हातावर घेतली आणि ग्लासवर घंटा दिली. पहिली. दुसरी. तिसरीआधी ती थांबली. मला वाटलं, काय जागा घेतली पोरीनं! तिसरी दिली. मी पडदा ओढला आणि टाळी वाजवली.

पाहुण्यांनी मान तिरकी केली. मंडळी लेबनीज बाईची वाट बघत होती. बाई आल्या नाहीत. आधी एक श्वास आला. आत ओढलेला, मध्येच अडकलेला, आणि मग तुकड्या-तुकड्यांनी सुटलेला. मग रडणं. मोठ्यानं नाही. उशीत तोंड खुपसलं की आवाजाला जी जाडी येते तिच्यासकट. मध्ये नाक ओढल्याचा आवाज. मध्ये हुंदका गिळल्याचा. खूप वेळ, कुणी अध्येमध्ये न बोलता. आणि मग फोनची रिंग. आमच्या मुलीच्या फोनची, आम्हाला तोंडपाठ असलेली. रिंग वाजली तसं रडणं थांबलं, घसा साफ झाला आणि पाहुणे तिच्या आवाजात म्हणाले, "हॅलो आई! हो, जेवले. आय ॲम फाइन. मस्त!"

फुगा वर गेला. एक टुक्क आवाज झाला, फोन बंद केल्याचा. आणि पुन्हा तो श्वास आत ओढला गेला.

हॉल फुटला. हसण्यानं फुटला हो! नजम्याचा एक पोरगा गुडघ्यावर हात आपटत म्हणाला, "सर, काय टायमिंग! काय लिहिलंय तुम्ही!" दुसरा म्हणाला, "हॉस्टेल लाइफ, एक नंबर!" त्यांना वाटलं, मी बसवलंय. का नाही वाटणार? त्या घरात जे जे घडायचं ते मीच बसवलेलं असायचं. टाळ्या पडल्या. आणि वक्र्याच्या काकू, डोळे पुसत, हात उंच करून ओरडल्या, "वन्स मोअर!"

पाहुणे माझेच शिष्य. त्यांनी पंख झटकले आणि पहिल्या श्वासापासून पुन्हा सुरू केलं.

मी पडदा टाकायला हवा होता. पडदा माझ्या हातात होता. मी मुलीकडे बघत होतो. ती हसत होती. सगळ्यांच्या बरोबरीनं, अगदी ठेक्यात. दुसऱ्यांदा "मस्त!" आलं तेव्हा तिनं ताटली टीपॉयवर ठेवली आणि टाळ्या वाजवल्या. मग "चहा आणते" म्हणून आत गेली. मी खिशातून अक्रोड काढला, सवयीनं, आणि पाहुण्यांना दिला.

त्या क्षणी मला आणखी एक गोष्ट कळली. न विचारता कळली. तो लेबनीज कुकर कुकर नव्हता.

मंडळी दिवेलागणीला गेली. बायको ओट्याशी उभी होती, मुलगी कप विसळत होती.

"अगो," बायको म्हणाली. रागावली किंवा घाबरली की तिच्या तोंडी मालवण येतं. "अगो, किती दिवस ह्या चालला हा?"

"काय?"

"पाहुणे काय उगाच शिकतले? एकदा ऐकून शिकत नाय तो."

"आई, इट वॉज फनी. एव्हरीवन लव्ह्ड इट." कप विसळून झाला होता. तिनं तोच कप पुन्हा नळाखाली धरला.

"मी रोज विचारते तुला. रोज."

"आणि मी रोज सांगते ना!"

मी दारात. अशा वेळी माझा प्रवेश असतो. मी तोंड उघडलं आणि बायको माझ्याकडे न बघता म्हणाली, "तुम्ही गप ऱ्हवा."  मला तसंही पुढचं वाक्य येत नव्हतं.

शनिवारी तिला सोडायला निघालो. ती पिशवी घेऊन खाली आली. पिंजरा नव्हता.

"पाहुणे?"

"इथेच राहू देत."

"अगं पण ते तुझ्यासाठी... पत्र आहे ना आपल्याकडे. परवानगी आहे."

"बाबा, तो सगळं सांगतो."

एवढंच. गाडी सुरू केली. अल खोरचा रस्ता दोन्ही बाजूंनी कोरा आहे, बघायला काही नाही, म्हणून माणसं त्या रस्त्यावर बोलतात.  बऱ्याच अंतरानं मी म्हणालो, "आपण त्याला दुसरं काही शिकवू. विसरेल. पोपटच तो."

ती खिडकीबाहेर बघत होती. "त्याच्यासमोर रडलं की तो काही विचारायचा नाही. जेवलीस का नाही, झोपलीस का नाही. जोक नाही करायचा. नुसता मानेपाशी येऊन उभा राहायचा. दॅट वॉज द होल पॉइंट, बाबा."

"मग आमच्यासमोर रड की."

"तुमच्यासमोर रडलं तर आई रडते. आणि तुम्ही नक्कल करता."

हे तिनं रागानं म्हटलं असतं तर बरं झालं असतं. तिनं ते रस्त्यावरची पाटी वाचावी तसं म्हटलं.

"मग घरी ये. एक टर्म सोड. आम्ही काही विचारणार नाही."

"घरी येऊन पण आय ॲम फाइनच म्हणावं लागेल ना. दिवसभर. इथे निदान संध्याकाळी एकदाच."

लॉबीत वॉर्डनबाई भेटल्या. "पक्षी कुठे?" त्यांनी विचारलं. आणि माझी मुलगी क्षणभर थांबून, चेहरा कोरा ठेवून म्हणाली, "ही'ज ऑन ॲन्युअल लीव्ह." बाई हसल्या. मीही हसलो. टायमिंग माझंच होतं. थांबायचं किती, चेहरा कसा ठेवायचा, सगळं माझं. लिफ्टचं दार मिटेपर्यंत ती हसरीच होती आणि मी तिथे उभा राहून विचार करत होतो, की ही विद्या मी हिला का दिली, आणि ही नसती तर मला दुसरं काय देता आलं असतं.

समुपदेशक बाईंना आम्ही भेटलो. सगळं सांगितलं, श्वासापासून अक्रोडापर्यंत. त्यांनी ऐकून घेतलं, मुलीशी बोलल्या, अजून बोलतात. आम्हाला त्या एवढंच सांगतात : ती सज्ञान आहे. ती वर्गात येते. वेळेवर येते. लिहिते, पास होते, मेसेजला उत्तर देते. बाहेरून कुठेही बोट ठेवायला जागा नाही. शंकेला जागा देणारा एकच साक्षीदार होता आणि तो आमच्या हॉलमध्ये आहे.

पाहुण्यांनी छातीवरची पिसं उपटायला सुरुवात केली आहे. रोज सकाळी पिंजऱ्याखाली राखाडी पिसांचा सडा पडलेला असतो आणि छातीवर तळहाताएवढी जागा गुलाबी, उघडी. दोह्याला पशुवैद्याकडे नेलं. त्यानं तपासलं, रोग काही नाही म्हणाला. त्याला कुणाची तरी सवय होती का, असं विचारलं. मी म्हटलं, होती. तो म्हणाला, मग त्या माणसाला आणा. किती सोपं!

आता मंडळी येत नाहीत, म्हणजे आम्ही बोलावत नाही. वक्र्याच्या काकूंचा दोनदा फोन आला. त्यांनी तो प्रयोग फोनवर चित्रित केला होता, फार लोकांना पाठवला म्हणाल्या, लोक फार हसले. मी म्हणालो, शुक्रन, आभारी आहे. काय म्हणणार? त्या माउलीचा काय दोष? इतकी वर्षं आपण टाळ्या मागितल्या, त्यांनी दिल्या.

मला कशाची भीती वाटते ते बायकोला मी सांगत नाही, ती मला सांगत नाही. भीती एकच आहे. एखाद्या सकाळी पुन्हा तसा फोन येईल, कॉलेजमधून, की या. आणि या वेळी 'खोलीबाहेर आलेली नाही' यापुढे ते काय सांगतील. प्लांटवर फोन वाजला की मी हातातलं काम टाकतो. रिंग कुणाची आहे हे ऐकेपर्यंत मी मेलेला असतो.

आणि याहून विचित्र एक गोष्ट. पाहुणे रोज दिवेलागणीला रडतात. तिची फोनची वेळ झाली की सुरू होतं. सुरुवातीला मी पळत जाऊन पिंजऱ्यावर पैठणी टाकायचो. आता टाकत नाही. बसतो समोर. ऐकतो. कारण माझ्या मुलीनं मला सांगितलेलं खरं असं एवढंच आहे, आणि तेही तिनं सांगितलेलं नाही. हल्ली मध्येच एखादा हुंदका गळतो, त्या जागी आमच्या मिक्सरचा आवाज येतो. ते विसरू लागलेत. मी घाबरतो. मी माणूस असा, की आपली लेक रडायची थांबेल म्हणून घाबरतो.

परवा संध्याकाळी फोन आला. बायको खाली भाजी आणायला गेली होती, म्हणून मी घेतला.

"हॅलो बाबा! आई कुठेय?"

"भाजीला गेलीय. बोल. जेवलीस?"

"हो, जेवले. आय ॲम फाइन. मस्त!" मग जरा थांबून, "पाहुणे कसे आहेत?"

"मजेत."

"अजून... करतो का तो तसं?"

मी सूत्रधाराच्या आवाजात म्हणालो, "खलास! विसरले. आता मिक्सर करतात, लिफ्ट करतात, तुझ्या आईचं शिंकणं करतात. नवीन संच!"

 आणि मग माझ्या मुलीचा असा आवाज आला, जो मी वर्षभरात ऐकला नव्हता. लहानपणी दुकानाच्या काचेसमोर यायचा तसा.

"खरंच विसरला? मग... मग तुम्ही त्याला परत आणून देता का? या शुक्रवारी?"

मी काय बोलून बसलो होतो ते मला तेव्हा कळलं. हो म्हणालो तर शुक्रवारी तिला पक्षी मिळणार होता आणि त्याच संध्याकाळी, त्या न पाहिलेल्या खोलीत, तो तिला तिचंच रडणं ऐकवणार होता. नाही म्हणालो तर का नाही ते सांगावं लागणार होतं. उभ्या आयुष्यात वाक्य न सुचून मी रंगमंचावर उभा राहिलो नव्हतो.

"बाबा?"

मागे पिंजऱ्यात पाहुण्यांनी मान तिरकी केली. त्यांची वेळ झाली होती. मी फोन कानाशी घट्ट दाबला, पण त्यानं काय होतं? श्वास आत ओढला गेला, अडकला, सुटला. उशीतला आवाज. नाक. गिळलेला हुंदका. त्यानंतरच्या हुंदक्याच्या जागी मिक्सर. पुन्हा हुंदका. सगळं पलीकडे ऐकू जात होतं. मला वाटलं, ती फोन ठेवेल. तिनं ठेवला नाही. मी विनोद केला नाही. रिंग वाजली, घसा साफ झाला, फुगा वर गेला, टुक्क झालं. आम्ही दोघं शेवटपर्यंत ऐकत होतो.

मग ती म्हणाली, "राहू दे तिथेच."

"बरं," मी म्हणालो.

"बाबा, तुम्ही जेवलात?" तोच आवाज, वर उडवलेला.

"जेवलो की! मस्त," मी म्हणालो. ताट समोर झाकून ठेवलेलं होतं.